एनटीएस आणि रंगवलेला ठोकळा

भाची यंदा दहावीला, म्हणून फोनवर सहज विचारलं, एनटीएसचा फॉर्म भरलास का गं? तर म्हणते, "मावशी, ते काय असतं?" मग डोक्यात उजेड पडला, अरे ती राष्ट्रीय प्रतिभा शोध परीक्षा, हुशार मुलांना शिष्यवृत्ती देणारी, तर बंदच पडलीये, योजनेची मुदत 31 मार्च 2021 ला संपली आणि तेव्हापासून स्थगितच.

आमच्या वेळी म्हणजे नव्वदीत, चौथी-सातवीच्या स्कॉलरशिपला बसलेलं पोर दहावीत एनटीएसला बसणार हे घरच्यांनी धरलेलंच असायचं. मी राज्याची पातळी काढली, राष्ट्रीयला आपटले, आणि बाबांनी तरीही शेजारच्या काकांना "निवड झाली" एवढंच सांगितलं, कुठली ते नाही :)

सुरुवात मात्र वेगळीच होती. 1963 मध्ये एनसीईआरटीने, म्हणजे शाळांची पुस्तकं काढणाऱ्या केंद्राच्या संस्थेने, ही फक्त दिल्लीतल्या अकरावीच्या मुलांसाठी सुरू केली, शिष्यवृत्त्या मोजून 10, पुढच्या वर्षी देशभर 350. नावातच विज्ञान होतं, आणि लेखी परीक्षेसोबत निबंध, स्वतः केलेल्या प्रकल्पाचा अहवाल, वर मुलाखत. अट अशी की पुढे मूलभूत विज्ञानच शिकायचं, इंजिनिअर-डॉक्टर व्हायचं असेल तर पैसे विसरा. मला ही अट भारी आवडते, खरंच शास्त्रज्ञ हवे होते त्यांना! मग 10+2+3 आलं, म्हणजे दहावी, बारावी आणि तीन वर्षांची पदवी अशी रचना, 1977 च्या सुमारास इंजिनिअरिंग, मेडिकल, समाजशास्त्रं सगळ्यांना दार उघडलं, ते न्याय्यच होतं, पण प्रकल्प गेला आणि पर्यायांवर गोळे करायचे पेपर आले, बुद्धिमत्ता चाचणी आणि विषयांचा. 1985 पासून आधी राज्य मग राष्ट्रीय अशा दोन चाळण्या. मध्ये काही वर्षं आठवीला नेली, परत दहावीला आणली, आणि शेवटी शेवटी तर मुलाखतही काढून टाकली. म्हणजे मुलाशी कुणी बोलायचंच नाही, नुसती शीट तपासायची.

पैसे शेवटी अकरावी-बारावीला महिना 1250, त्यात आजकाल क्लासच्या एका विषयाची फीसुद्धा निघत नाही, पण पैशासाठी बसतं कोण, मान होता तो.

असो. फोन ठेवण्याआधी तिला आमचा आवडता प्रश्न घातला, सगळ्या बाजूंनी रंगवलेल्या ठोकळ्याचे सारखे 27 तुकडे केले तर अजिबात रंग नसलेले किती? "एक, मधला," माझं वाक्य पुरं व्हायच्या आत. आणि दोन बाजू रंगलेले? 12, हे मात्र मलाच बोटांवर मोजावं लागलं.