किनुयो तानाका यांचे बोलपट : पाहणीची तिसरी नोंद

जपानी अभिनेत्री किनुयो तानाका यांचे सुरुवातीचे बोलपट क्रमाने पाहण्याचा बेत आखला, तेव्हा मधले मूकपट वगळले तरी चालतील असे मी गृहीत धरले होते. तीन चित्रपट पाहून झाल्यावर तो बेत मोडावा लागला आहे.

शोचिकू या चित्रपट कंपनीच्या कामाता स्टुडिओचा, हेइनोसुके गोशो दिग्दर्शित ‘मादामु तो न्योबो’ हा जपानचा पहिला यशस्वी संपूर्ण बोलपट १९३१ च्या ऑगस्टमध्ये प्रदर्शित झाला. नाटककार लिहायला बसतो आणि मांजरे, रडणारे मूल व अखेरीस शेजारच्या घरातले जाझ त्याला लिहू देत नाहीत, एवढीच कथा. पण आवाज हाच विषय केल्यामुळे नव्या तंत्राची हौसही फिटते आणि विनोदही साधतो. दुसऱ्यांदा पाहताना मी उपशीर्षकांवर पुठ्ठ्याची पट्टी चिकटवली. किमोनोतली बायको झालेल्या तानाका नवऱ्याला ‘आनाता’ अशी हाक मारतात, आणि आपल्याकडच्या ‘अहो’मध्ये मावणारी विनवणी, लाडीगोडी व मत्सर त्या एकाच शब्दात ऐकू येतात. जाझपेक्षा ही हाकच माझ्या लक्षात राहिली.

एवढे यश मिळाल्यावर त्या बोलपटांतच रमल्या असतील, हा माझा समज चुकीचा निघाला. चित्रगृहांत ध्वनियंत्रणा बसवणे खर्चाचे होते आणि पडद्याशेजारी उभे राहून कथा सांगणाऱ्या बेन्शींचा प्रेक्षकांवर मोठा प्रभाव होता, त्यामुळे जपानात मूकपट पुढेही काही वर्षे निघत राहिले. यासुजिरो ओझू यांच्या १९३३ च्या ‘हिजोसेन नो ओन्ना’मध्ये तानाका दिवसा टंकलेखिका आणि एरवी गुंडाची प्रेयसी आहेत. मूकपट असूनही त्यात टंकयंत्रे आहेत, तबकड्यांचे दुकान आहे आणि कर्ण्यासमोर बसलेला तो आपल्या ओळखीचा ‘हिज मास्टर्स व्हॉइस’चा कुत्राही आहे! गोड बायकोच्या भूमिकेनंतर हातात पिस्तूल घेतलेल्या तानाका मला मात्र पुरत्या पटल्या नाहीत.

१९३५ च्या ‘शुन्किन्शो : ओकोतो तो सासुके’ या यासुजिरो शिमाझू यांच्या बोलपटात त्या अंध संगीतशिक्षिका आहेत. नजरेचा आधार नसल्यामुळे शिष्यावरचा अधिकार आवाजातूनच उभा करावा लागतो, आणि ‘आनाता’मधला लाडिकपणा येथे औषधालाही सापडत नाही.

पुढचा क्रमांक १९३८ च्या ‘आइझेन कात्सुरा’चा होता, परंतु आता त्याआधी गोशो यांचाच १९३३ चा ‘इझूची नर्तकी’ हा मूकपट पाहणार आहे.