गिरणी परत सुरू होईल असं अण्णांना खरंच वाटायचं का?

माझे वडील, अण्णा, गिरणी कामगार होते असं कळलं की हा प्रश्न येतोच. परवा एका लग्नात पंगतीला शेजारी बसलेल्या मुलाने विचारला. त्याची नोकरी तीन महिन्यांपूर्वी गेलेली. "काका, गिरणी परत सुरू होईल असं तुमच्या वडिलांना खरंच वाटायचं? की घरच्यांना धीर द्यायला म्हणायचे?" वाढपी डोक्यावर उभा, मठ्ठा सांडू नये ही काळजी, तिथे काय बोलणार? तुम्ही विचारलंत म्हणून आता सवडीने सांगतो.

मुळात अण्णा काही म्हणायचेच नाहीत.

18 जानेवारी 1982 ला संप सुरू झाला तेव्हा मी सातवीत होतो. अण्णा परळच्या एका गिरणीत साचेवाले, म्हणजे मागावर कापड विणणारे. पगारवाढ, बोनस, बदली कामगारांना कायम करणं अशा मागण्या होत्या आणि अडीच लाखांच्या आसपास माणसं बाहेर पडली होती. सुरुवातीला आमच्या लालबागच्या चाळीत उत्साह एवढा, की घरात कुणाचं लग्न निघालंय असं वाटावं. डॉक्टरांच्या (संपाचे पुढारी दत्ता सामंत, त्यांना सगळे डॉक्टरच म्हणायचे) सभेहून लोक घसा बसवून परत यायचे. "शिमग्याच्या आत मिटतंय." शिमगा झाला. "गणपतीपर्यंत नक्की." गणपती पाण्यात गेले. "आता दिवाळीचा बोनस घेऊनच आत जायचं."

कट्ट्यावर प्रत्येकाकडे एक तारीख असायची. ती टळली की त्या माणसाच्या तोंडाकडे बघवत नसे. सगळ्यात छातीठोकपणे तारखा देणारे समोरच्या खोलीतले काका दिवाळीनंतर एका पहाटे बिऱ्हाड बांधून गावाला निघून गेले. कुणाचा निरोपही घेतला नाही.

अण्णा कट्ट्याच्या कडेला बसून ऐकायचे. कुणी विचारलंच, तर "बघू." आई वैतागायची. ती दुपारभर पापड लाटायची आणि रात्री शर्टांना बटणं लावायची, डझनाच्या हिशोबाने. "घरात तरी काहीतरी बोला हो," म्हणायची. तिचंही बरोबर होतं, वाण्याकडे 'बघू' चालत नाही. मलाही तेव्हा अण्णा थंड माणूस वाटायचे. रागच यायचा.

मग एकदा रात्री पाणी प्यायला उठलो. मोरीशेजारी झीरोच्या बल्बखाली अण्णा उकिडवे बसले होते. पुढ्यात एक फडकं, त्यावर त्यांची छोटी कातर आणि हूक. ज्यांनी साचा बघितला नाही त्यांना सांगतो: उभा धागा तुटला की साचा थांबवायचा, गाठ मारायची आणि टोक हुकाने फणीच्या दातांमधून ओढून घ्यायचं. हूक म्हणजे बोटाएवढी पातळ पोलादी पट्टी, टोकाला बारीक खाच. तिथे गंज धरला की धागा अडकतो. अण्णा आईच्या बाटलीतलं खोबरेल करंगळीवर घेऊन त्या खाचेवर चोळत होते. त्या दिवसांत आमच्या डोक्यालाही तेल मोजून लागायचं. चोळून झाल्यावर त्यांनी हूक चिमटीत धरला आणि हवेतच एक धागा ओढला. एकदाच. मग मी दिसलो.

"झोप जा."

आईला मी काही बोललो नाही. का, ते सांगता येणार नाही.

पुढच्या वर्षी अण्णा दादरला एका इमारतीत रात्रपाळीचे वॉचमन झाले. संप कुणी रीतसर मागे घेतलाच नाही, तो नुसता विरत गेला. काही वर्षांनी अण्णांच्या गिरणीतले साचे भंगाराच्या भावाने ट्रकमध्ये चढताना त्यांनी स्वतः पाहिले. अण्णा खुळे नव्हते, तेव्हा त्यांना काय ते कळलंच असणार. पण मी नोकरीला लागलो तेव्हाही ट्रंकेतल्या हुकाला गंजाचा ठिपका नव्हता.

तर त्या मुलाला काय सांगू? गिरणीबद्दल म्हणशील तर पहिलं वर्ष-दीड वर्ष वाटत असेल, पुढे नाही. मग तेल कशाला? मला वाटतं, अंगावर वॉचमनचा खाकी शर्ट आला तरी हात साचेवाल्याचा होता, आणि तो त्यांना मोडीत काढायचा नव्हता. हा माझा अंदाज. बोलले का नाहीत, ते मात्र मला नक्की कळतं. बोलले असते तर आम्ही लगेच "कधी?" म्हटलं असतं.

अण्णा गेल्यावर गिरणी कामगारांसाठीच्या सरकारी घरांचे अर्ज निघाले. पुरावे हवे होते. गिरणीचा पास, हजेरीचं कार्ड, पगाराच्या चिठ्ठ्या, सगळं ट्रंकेत हुकाच्या खाली प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेलं, वर्षावार लावलेलं निघालं. आईने वारस म्हणून अर्ज भरला. एकूण अर्ज पुढे पावणेदोन लाखांच्या घरात गेले आणि 2012 च्या पहिल्या सोडतीत घरं सात हजारही नव्हती. आमचा नंबर लागला नाही. पुढेही नाही.

अर्जाची पावती माझ्या कपाटात आहे, हूकही तिथेच. मागच्या पावसाळ्यात त्याच्या खाचेपाशी तांबूस ठिपके दिसले. खोबरेल संपलं होतं, म्हणून शिलाई मशीनचं तेल लावलं. बायको आत टीव्ही बघत होती. तिने हाक मारली तेव्हा फडकं घडी करून ठेवून दिलं.