तुम्ही विचारलंत म्हणून: बालीला जाऊन पुन्हा स्वयंपाकघरातच?

हा प्रश्न मला शेजारणींनी विचारला, ऑफिसमधल्या मुलींनी विचारला, आणि सगळ्यात जास्त वेळा माझ्या आईने विचारला. "अगं, घरी रोज ओट्यापाशीच उभी असतेस. रजा काढून, विमानाचे पैसे भरून परत कांदाच चिरायला गेलीस?"

आईला फोनवर नीट सांगता आलं नाही, म्हणून इथे सांगते. मला स्वयंपाकाचा कंटाळा नाही. कंटाळा आहे तो "आज भाजी काय करू?" याचा आणि सकाळी डबे भरतानाच्या धावपळीचा. कुणीतरी शेजारी बसवून, आपलं मनगट धरून, "असं नाही, असं" म्हणत शिकवतंय, हे सुख मला आईच्या हाताखाली वेंगुर्ल्यात मिळालं होतं. त्यानंतर कुठेच नाही. ते पुन्हा मिळेल असं वाटलं, म्हणून गेले.

२०२३च्या मे महिन्यात मी आणि माझी नणंद बालीतल्या उबुदला होतो. स्वयंपाकाचा पहिला वर्ग आमचा फुकट गेला. एका मोठ्या जागी पंचवीसेक माणसं, प्रत्येकापुढे वाट्यांमध्ये चिरून ठेवलेलं सामान, मसाला आधीच वाटलेला. आम्ही तो कढईत ओतला, ढवळला, फोटो काढले. जेवण चांगलं होतं, पण हाताला काहीच लागलं नाही. नणंद म्हणाली, "वहिनी, हे तर हळदीकुंकवाच्या वाणासारखं झालं. आयतं घेऊन घरी." मग होमस्टेच्या मालकिणीने तिच्या ओळखीच्या एका बाईंचं घर सुचवलं. माणशी ४ लाख रुपिया. आकडा ऐकून छाती दडपते, पण तेव्हा आपले सव्वादोन हजार रुपयांच्या आसपास झाले.

त्या बाईंना सगळे 'इबू' म्हणत. इबू म्हणजे आई, आणि मोठ्या बाईला मानाने हाक मारायची तीच रीत. आम्हीही तेच म्हणायला लागलो. भेटल्याबरोबर त्यांनी हात जोडले आणि म्हणाल्या, "ओम स्वस्त्यस्तु." दोन हजार रुपयांत मला इथपर्यंतच मिळालं असतं तरी चाललं असतं.

सकाळी साडेसहाला त्या आम्हाला गावच्या बाजारात घेऊन गेल्या. भाजीइतकीच फुलांची विक्री. गोंडा, चाफा, पानांच्या बारीक कापलेल्या सळया, आणि नारळाच्या कोवळ्या झावळीच्या विणलेल्या चौकोनी डब्या. ही चनांग सारीची, म्हणजे देवाला वाहायच्या फुलांच्या डबीची तयारी. डबीत फुलं दिशेप्रमाणे मांडतात: पूर्वेला पांढरी ईश्वराची, दक्षिणेला लाल ब्रह्माची, पश्चिमेला पिवळी महादेवाची, उत्तरेला गडद रंगाची विष्णूची. ब्रह्मा म्हणजे अग्नी, म्हणून घराच्या आवारात स्वयंपाकघरही दक्षिणेकडे. गुळाच्या ढेपेकडे बोट दाखवून त्या म्हणाल्या, "गुला." ताडामाडाचा गूळ, काळपट, धुरकट वासाचा. आपल्याच संस्कृतातून तिकडे गेलेला शब्द, आणि तीर्थाला तिथे 'तीर्ता' म्हणतात. भाषा येत नसताना असे शब्द कानावर पडले की माणूस जरा सैलावतो.

घरी पोचलो तेव्हा त्यांची सून केळीच्या पानाचे तळहाताहून लहान तुकडे घेऊन फिरत होती. प्रत्येकावर भाताची चार शितं आणि चिमूटभर मीठ. एक तुकडा चुलीवर, एक पाण्यापाशी, एक वाटायच्या दगडापाशी. याला 'सैबान' म्हणतात. सकाळी भात शिजला की घरातल्या कुणीही तोंडात घालण्याआधी हे ठेवायचं. माझे आजोबा जेवणाआधी वैश्वदेव करायचे आणि मला पंचसूना समजावून सांगायचे: चूल, पाटा, केरसुणी, उखळ आणि पाण्याचा घडा. घर चालवताना या पाच ठिकाणी नकळत जीव मरतात, त्याची भरपाई म्हणून आधी त्यांचा घास. बालीतही सैबानचं कारण याच पाच जागांशी जोडतात. आजोबांबरोबर आमच्या घरातून जे गेलं, ते इथे एक विशीतली मुलगी मोबाइल कमरेला खोचून रोज सकाळी करत होती. मी बराच वेळ तिच्याकडेच बघत राहिले.

मग मसाला. याच्याबद्दल मी जास्त लिहिणार, कारण सगळा वर्ग म्हणजे खरं तर हाच. त्याचं नाव बासा गनप, म्हणजे पूर्ण मसाला. छोटे लाल कांदे, लसूण, आलं, हळदीचं ओलं कांड, मिरच्या, धणे, मिरी, जायफळ, लवंग इथपर्यंत आपलं घर. पुढे कुलिंजन, जे आपण घसा बसला की चघळतो, ते तिथे ओलं, गुलाबीसर, आल्यापेक्षा कडक. मग कंचूर नावाचं बोटभर कांड, कापरासारख्या वासाचं. ते वगळलं तर पदार्थ बालीचा राहत नाही, असं इबूंनी तीनदा बजावलं. पिंपळीसारखी लांब मिरी. आणि कमिरी नावाचं पांढरं, तेलकट बी, ज्याने मसाला दाट होतो. नणंद ते काजू समजून तोंडात टाकणार, तेवढ्यात इबूंनी तिचा हात धरला. कमिरी कच्ची खाल्ली तर पोट बिघडतं, ती परतूनच खायची.

वाटायला चोबेक. काळ्या दगडाची उथळ थाळी, आणि वाकड्या मानेचा दगडी दांडा. मी सवयीने खलबत्त्यासारखं कुटायला लागले, तर मिरचीचा तुकडा उडून थेट डोळ्याखाली. इबू हसल्या नाहीत. माझ्यामागे येऊन उभ्या राहिल्या, माझ्या मुठीवर मूठ ठेवली आणि दांडा कुटायचा सोडून ओढायला लावला: आपल्याकडे ओढायचा, मनगट वळवायचं, परत ढकलायचा. खांद्याने जोर लावायचा नाही. आधी कोरडं, मग चिवट कांडं, आणि कांदा शेवटी, कारण त्याचं पाणी सुटलं की बाकीचं निसटतं आणि वाटलं जात नाही. पाट्यावर आई नेमकं हेच सांगायची. पंधरा मिनिटांनी मिठाच्या खड्यांची करकर थांबली, दगडाचा आवाज मऊ झाला, आणि इबू "चुकुप" म्हणाल्या. चुकुप म्हणजे पुरे.

हा गोळा खोबरेल तेलात गवती चहा आणि सलामची पानं घालून मंद परतायचा. सलाम जांभळाच्या गोतातलं झाड, त्याची पानं आपण तमालपत्र टाकतो तशी टाकायची. तेल सुटलं, कच्चा वास गेला, की तयार. आणि गवती चहाचं एक सांगायलाच हवं. आपण त्याची हिरवी पाती चहात टाकतो आणि बुडखा फेकतो. तिथे पाती बाजूला आणि बुडख्याचा पांढरा भाग स्वयंपाकात. इतकी वर्षं परसातलं अर्धं झाड मी वाया घालवत होते.

त्याच मसाल्याने मग सगळं केलं. साते लिलितसाठी माशाचा खिमा, खवलेलं खोबरं आणि मसाला मळून गवती चहाच्या दांड्यावर लिंपायचा. लिलित म्हणजे गुंडाळणं. हे हाताला लगेच जमलं, मुटके वळायची सवय कामाला आली. करवंटीच्या निखाऱ्यावर ते भाजताना दांड्याचा वास माशात उतरतो. नणंद शाकाहारी, तिच्यासाठी इबूंनी तेंपेचं, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या वडीचं केलं. शाकाहारी मंडळींनी एक लक्षात ठेवावं: भाजी दिसली म्हणून निर्धास्त होऊ नका. तरासी, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीचा गोळा, मसाल्यात आणि चटणीत चिमूटभर असतोच. वर्ग ठरवतानाच "तरासी नको" असं स्पष्ट सांगा. आम्ही सांगितलं होतं, म्हणून तिचा मसाला निराळ्या चोबेकवर वाटला गेला.

लावार मात्र इबूंनी केला नाही. त्यांच्या नवऱ्याला हाक मारली. चवळीच्या शेंगा, भाजून खवलेलं खोबरं, मसाला, आणि सणावाराला मांस आणि ताजं रक्तही. देवळाच्या उत्सवाआधी गावातले पुरुष पहाटे जमून मोठ्या सुऱ्यांनी हे चिरतात, ते पुरुषांचंच काम. आमच्यासाठी नुसत्या शेंगांचा केला. ओंडक्यावर दोन सुरे एका लयीत पडत होते, आणि घरातल्या बायका निवांत पाय पसरून बसल्या होत्या. आईला हा भाग फोनवर सांगितला तेव्हा ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "बरं आहे."

जेवताना कळलं की तिथे पंगत नसते. सकाळी एकदा रांधायचं, झाकून ठेवायचं, ज्याला भूक लागेल त्याने वाढून घ्यायचं, मुकाट्याने खायचं. मला ते जरा सुनं वाटलं. पण गरम पोळीसाठी कुणी कुणाला ओट्यापाशी उभं करत नाही, हेही दिसलं. बोलता बोलता न्येपीचा विषय निघाला. त्यांचाही शक संवत्सराचाच नवा दिवस, आणि २०२३ साली न्येपी आणि आपला पाडवा एकाच दिवशी आले होते, २२ मार्चला. आमच्याकडे पुऱ्या तळल्या जात होत्या आणि इबूंच्या घरी विस्तवच नव्हता. त्या दिवशी चूल नाही, दिवा नाही, बाहेर पडणं नाही, विमानतळसुद्धा बंद. मार्चमध्ये जाणार असाल तर तारीख बघून तिकीट काढा.

इथे आल्यावर मी बासा गनप चार वेळा केला. कमिरीऐवजी काजू घातला तर दाटपणा येतो. ओलं कुलिंजन पुण्यात परदेशी भाज्यांच्या दुकानात मिळतं. कंचूर मिळालं नाही, आणि इबू म्हणाल्या ते खरं आहे, ते नसलं की चव अलीकडेच थांबते. सांबाल माता नावाच्या कच्च्या चटणीसाठी मात्र काही अडत नाही: कांदा, मिरची, गवती चहाचा बुडखा, लिंबाचं कोवळं पान, सगळं कागदासारखं पातळ चिरून मिठाने चुरायचं, वर कडकडीत खोबरेल आणि लिंबू. तळलेल्या बांगड्याबरोबर आमच्या घरी आता तीच लागते.

त्या दिवशी इबूंच्या घरी शेवटी दादार गुलुंग केलं. पांदान नावाच्या सुवासिक पानांच्या रसाने हिरवी झालेली पातळ धिरडी, आत ओलं खोबरं आणि तो काळा गूळ. सारण कढईत ढवळताना वास आला आणि मी नणंदेकडे बघितलं, तिने माझ्याकडे. भाद्रपदातला वास. मी इबूंना खुणेने विचारलं, तांदळाचं पीठ आहे का? होतं. उकड काढली, खोबरेलाचा हात लावून मळली, पारी केली, सारण भरलं आणि कळ्या पाडायला लागले. इबू स्टूल ओढून जवळ आल्या. आता त्या बघत होत्या आणि मी दाखवत होते. तिसरा मोदक त्यांनी केला, सात कळ्यांचा, थोडा कलता. "गणेशाचा," मी म्हटलं, आणि त्यांनी मान हलवली, गणेश त्यांनाही ठाऊक होता.

पाच मोदक केळीच्या पानावर उकडले. मी त्यांना चाखायला म्हणून एक पुढे केला. त्यांनी तो घेतला, पानाचा एक तुकडा फाडला, मोदक त्यावर ठेवला, वर चाफ्याचं फूल, आणि चुलीच्या वरच्या लाकडी देव्हाऱ्यात नेऊन ठेवला. मग हात धुऊन आल्या आणि दुसऱ्यासाठी हात पुढे केला.