ए फोर म्हणजे नेमकं कुठलं?

झेरॉक्सच्या दुकानात पहिला प्रश्न ठरलेला : "ए फोर की लीगल?" दुकानदार मानही वर करत नाही. आपणही "ए फोर, पाठपोठ" म्हणून मोकळे होतो.

तेच ए फोर मला परवा मोबाईलवरच्या ट्यूनरमध्ये, म्हणजे सूर ओळखणाऱ्या ॲपमध्ये, भेटलं. पेटीवर मधल्या सप्तकातली पांढरी सहा, म्हणजे सहावी पांढरी पट्टी, दाबली, की पडद्यावर उमटतं 'ए ४'. सूर चोख असेल तर शेजारी ४४० हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला ४४० कंपनं.

गंमत त्या चारची आहे. कागदाचा चार म्हणजे घड्यांचा हिशेब. ए झीरोचा कागद बरोब्बर एक चौरस मीटरचा. तो चार वेळा निम्मा केला की हातात येतो ए फोर, म्हणजे सोळावा हिस्सा. त्यामुळे ८० जीएसएमचा (चौरस मीटरला ८० ग्रॅम) एक कागद पाच ग्रॅमचा भरतो, काट्याची गरजच नाही! लांबी-रुंदीचं प्रमाण असं बेतलंय, की कितीही वेळा निम्मं करा, आकाराचा तोंडवळा तोच राहतो. सुरांचा चार मात्र सप्तकाचा. इथे आकडा एकाने वाढला की कंपनं दुप्पट : ए फाइव्ह म्हणजे ८८०. एकीकडे आकडा चढतो तसा कागद आक्रसतो, दुसरीकडे सूर वर चढतो. मला विचाराल तर कागदाचा चार जास्त गुणी. ४४० हा शेवटी माणसांनी आपसात ठरवलेला आकडा. पण दोघांवर प्रमाणाचा शिक्का मारणारी संस्था एकच, आयएसओ ही आंतरराष्ट्रीय मानक संस्था, आणि दोन्ही मानकं १९७५ सालची निघाली (कागदाचं पुढे २००७ मध्ये सुधारलं गेलं).

कागदाची ही मापं मूळची जर्मनीतली, १९२२ची. पुढे त्याच देशात ए फोर नावाचं रॉकेट तयार झालं. ऑक्टोबर १९४२ मध्ये त्याचं पहिलं यशस्वी उड्डाण झालं आणि १९४४ मध्ये ते व्ही-टू या नावाने लंडनवर कोसळू लागलं. तिथला चार साधा अनुक्रमांक, मालिकेतलं चौथं यंत्र. त्याचे अहवालही ए फोरवरच टाइप होत असणार!

बुद्धिबळात तर ए फोर हा निव्वळ पत्ता : डावीकडचा पहिला रकाना, चौथं घर. पांढऱ्याने पहिल्याच चालीला कडेचं प्यादं तिथे सरकवलं, तर समोरचा एक तर नवशिका असतो, नाहीतर आपली फिरकी घेत असतो.