मेडिनिला, इंदूर: दुसऱ्या हिवाळ्यात कळी धरली

मंडळी, कळी आली! 9 फेब्रुवारीला सकाळी सासूबाई जिन्यातून खाली येताना थांबल्या नि म्हणाल्या, "अगं, हे शेंड्याला काय फुगलंय बघ," मी कणकेचे हात तसेच घेऊन धावले. वरच्या दोन पानांच्या मधोमध हरभऱ्याएवढा फिकट गुलाबी ठिपका, घट्ट मिटलेला. दीड वर्ष याचीच वाट बघत होते.

नवीन लोकांसाठी पटकन सांगते, मेडिनिला मॅग्निफिका हे फिलिपिन्सच्या डोंगरांतल्या दमट जंगलातलं झुडूप. तिथे ते बरेचदा मोठ्या झाडांच्या बेचक्यात वाढतं, मुळं शेवाळात नि कुजलेल्या पाल्यात. बांडगूळ नाही हं, रस पीत नाही, नुसता आसरा घेतं, आपल्या आमरीसारखं, म्हणजे ऑर्किडसारखं. महाबळेश्वरची अंजनी पाहिली असेल तर ती हिच्याच कुळातली. हिचं खोड हातात धरून बघा, गोल नसतं, चौकोनी असतं, कडांना पातळ पंख आणि पेरापेराला राठ केसांचा झुबका. मला फुलाआधी तेच आवडलं होतं.

हे सगळं मला आधी माहीत असतं तर पहिल्या पावसाळ्यात झाड मरणाच्या दारात गेलं नसतं. नर्सरीतून आली ती चिकट मातीत आणि मी तशीच ठेवली, जुलैत पानं पिवळी पडायला लागली, कुंडी उलटी केली तर अर्धी मुळं चॉकलेटी आणि मऊ, बोटाने ओढली की साल हातात. कुजलेलं सगळं कापलं नि मातीच्या कुंडीत पाइनची साल, नारळाचे चिप्स, लाकडी कोळशाचे तुकडे आणि मूठभर पालाखत यात बसवली. तेव्हापासून मुळांची तक्रार नाही. पाणी मात्र पावसाचं साठवलेलंच देते, आमच्या बोअरिंगच्या पाण्याने कुंडीवर पांढरे क्षार चढायचे आणि नवी पानं पिवळी, शिरा तेवढ्या हिरव्या.

उन्हाळ्याचं मला सगळे घाबरवत होते. आमच्या माळव्याच्या रात्री मे महिन्यातही त्यातल्या त्यात बऱ्या जातात, पण दुपारी गच्चीवर 42 डिग्री आणि हवेतला ओलावा मीटरवर 14 टक्के, दोन दिवसांत पानांच्या कडा पापडासारख्या कडक झाल्या. मग बैठकीत आणली, कूलरपासून आठ-नऊ फुटांवर, समोर नाही तर बाजूला, म्हणजे खसची ओली हवा मिळते पण झोत लागत नाही. ओलावा 50-55 वर गेला आणि त्यानंतर एकही पान जळलं नाही. आपल्याकडे घरोघरी कूलर असतोच, महागडा ह्युमिडिफायर घ्यायची अजिबात गरज नाही.

आता खरा मुद्दा, थंडी. पहिल्या हिवाळ्यात मी तिला फार जपलं, बंद खोली, दोन दिवसांआड पाणी, वर खत, आणि मिळाली काय तर पानं. हिला कळी धरायला साधारण सहा आठवडे 15 ते 18 डिग्रीचा गारवा आणि कमी पाणी लागतं, हे मी वाचलं होतं पण धीर होत नव्हता. या वेळी नोव्हेंबर संपताना सरळ पूर्वेकडच्या जिन्यात ठेवली. तिथे उजेड भरपूर, कडक ऊन नाही, सकाळी सातला 14 ते 17 आणि दुपारी 22 च्या वर कधीच नाही. पाणी दहा-बारा दिवसांनी, खत बंद. पानं थोडी लोंबली तेव्हा सासूबाई रोज म्हणायच्या, "तहानलंय गं ते," आणि खरं सांगते, हात शिवशिवायचा, पण नाही दिलं. बाहेर पारा 8 वर उतरला त्या दोन रात्री तेवढी आत घेतली.

कळी हरभऱ्याएवढी होती तोवर पाणी तसंच ठेवलं, बोटाच्या पेराएवढी झाल्यावर हळूहळू वाढवलं. आणि एक कळकळीने सांगते, कळी दिसली की कुंडी फिरवू नका. दुसऱ्या फांदीलाही कळी होती, फोटोसाठी उजेडाकडे वळवली आणि पाचव्या दिवशी ती देठासकट गळाली. फार वाईट वाटलं.

आज 4 मार्च. घोस 11 सेंटिमीटर, देठ खाली झुकलाय, वरची पहिली दोन गुलाबी पानं उघडलीत. ती पाकळ्या नाहीत, खरी फुलं त्यांच्या आत, मोहरीसारख्या कळ्यांच्या झुपक्यात आहेत. सकाळी आठला जिन्याच्या जाळीतून ऊन मागून येतं तेव्हा त्या गुलाबी पानांच्या शिरा न् शिरा दिसतात. याच घड्यांत मिलीबग, म्हणजे कापसासारखी पांढरी कीड, लपतो म्हणून रोज टॉर्च मारून बघते, एकदाच सापडला, स्पिरिटच्या कापसाने पुसला.

बडोद्यात कुणी लावली असेल तर डिसेंबर-जानेवारीतलं घरातलं सकाळचं तापमान लिहा ना, तिथे थंडी आपल्यापेक्षा कमी पडते, तरी कळी धरते का ते मला बघायचंय, बहिणीला जुलैत एक छाट द्यायचीये.