धाकट्या चंद्राची घळ

मार्गशीर्ष वद्य अष्टमी, गुहागर

आज हेदवीला बामणघळ बघून आले. भरतीची वेळ काढायचा जुना ढोबळ हिशेब आमच्याकडे अजून चालतो: तिथीला पाऊणने गुणायचं. अष्टमी, म्हणजे सहा. उमामहेश्वराच्या देवळापाशी गाडी लावून खडकांवर उतरले, तेव्हा पाणी चढायला लागलं होतं आणि कालवं काढणाऱ्या बायका टोपल्या उचलून परतत होत्या. त्यातली एक आजी थांबून म्हणाली, "आज भांग हाय गो बाय, पानी नाय तेवढं उडायचं. पुनवेला नायतर अवशीला ये."

तिचं खरंच होतं. अष्टमीच्या सुमारास भरती कमी चढते, त्यालाच आमच्याकडे भांग म्हणतात. उधाणाला ही घळ पुरुष-दोन पुरुष उंच पाणी फेकते. लाट चिंचोळ्या फटीत शिरते, पुढे वाट नाही, मागून पाण्याचा रेटा, मग वर उसळण्यावाचून गत्यंतर नाही. आज नुसताच खालून घुमल्यासारखा आवाज येत होता. पण मी भांगाचाच दिवस धरून गेले होते. एका बारीक चिरेवर तळहात धरून बसले. लाट आत गेली की ओलसर गार वारा बोटांना लागायचा, ओसरली की तोच वारा आत ओढला जायचा. चिरेच्या कडेला मिठाची पांढरी रेघ होती. नखाने खरवडली तर सुटत होती.

माझ्या कादंबरीतल्या आरवण प्रांतात अशी एक घळ आहे, उसाशी नावाची. ती जांभ्याच्या सड्यावर आहे, समुद्रापासून नऊ कोस आत, आणि मध्ये दोन घाट. तिथे पाणी दिसत नाही, लाट ऐकू येत नाही. तरी घळ श्वास घेते, सोडते, आणि तिच्या काठावर मीठ धरतं. ती कधी श्वास घेते, हे ठरवायचं राहिलं होतं. ते आज घरी येऊन वहीत मांडलं.

आरवणच्या आभाळात दोन चंद्र आहेत. थोरला अवसेपासून अवसेपर्यंत ३० दिवस घेतो, आणि समुद्र त्याचं ऐकतो. धाकट्याला ९ दिवस पुरतात. आपल्याकडे भरती रोज साधारण ५० मिनिटं उशिरा येते, कारण पृथ्वी स्वतःभोवती फिरून येईतो चंद्र थोडा पुढे सरकलेला असतो. धाकटा चंद्र इतका भराभर पुढे जातो, की त्याला गाठायला २४ ऐवजी २७ तास लागतात. म्हणजे रोज ३ तास उशीर, बरोब्बर एक प्रहर! हा आकडा मी ठरवून आणला नव्हता, गणितातून आपसूक निघाला. अंगावर काटा आला. उसाशीकाठच्या माणसाला ना घड्याळ लागेल ना पंचांग. काल सूर्योदयाला घळीने श्वास सोडला, तर आज एक प्रहर दिवस वर आल्यावर सोडणार.

उसाशी धाकट्या चंद्राची भरती पाळते. आणि त्या चंद्राचं ऐकणारा समुद्र आरवणात कुठेच नाही.

मैत्रिणीला फोनवर सांगितलं तर तिने लगेच विचारलं, "मग खाली आहे तरी काय?" ते मी लिहिणार नाही. मला राजापूरची गंगा आठवते. उन्हाळे गावातली ती १४ कुंडं, एरवी कोरडी. साधारण तीन वर्षांनी गंगा येते म्हणतात, पण कधी आधी, कधी फार उशिरा. जमिनीखालची पोकळी भरली की वक्रनळीसारखं पाणी एकदम वाहू लागतं, अशी कारणमीमांसा करतात. ती मला पटते. माझ्या आजीलाही ती कुणीतरी समजावली होती, तिने ती नीट ऐकून घेतली होती. तरी "गंगा आली" म्हटलं की हातातलं काम टाकून निघायची. तिथे एकेका कुंडात हात घालून बघायची, हे गार, हे कोमट. तिचं ते वाकून बघणं मला उसाशीच्या काठावर हवं आहे. खालच्या समुद्राचं वर्णन केलं, की वाचणारा तिकडेच बघत राहील आणि वरची माणसं बाजूला पडतील.

त्या माणसांचं थोडं आज लिहून झालं. घळ श्वास घेत असताना तिच्या बाजूला शेरडं सोडत नाहीत. काठचं मीठ कुणी विकत नाही. लेक सासरी निघाली की चिमूटभर तिच्या पदराला बांधतात, आणि ते पहिल्या भाताच्या आधणात पडतं. सुईण बाळाची वेळ धाकट्या चंद्राच्या प्रहरात सांगते.

आता जत्रेचं ठरवायचं आहे. ३० आणि ९ चा मेळ ९० दिवसांनी बसतो. त्या दिवशी दोन्ही चंद्रांची अवस एकत्र येते, किनाऱ्यावर भरती आणि सड्यावर उसाशीचा श्वास एकाच घटकेला. पालखी त्याच दिवशी निघणार हे नक्की. ती किनाऱ्याकडून सड्यावर चढते की सड्यावरून समुद्राकडे उतरते, यावर आरवणात दोन गावांचा पिढ्यान्‌पिढ्या वाद असावा असं वाटतंय. दोन्ही गावांची बाजू मला खरी वाटली पाहिजे, म्हणून आधी सड्यावरच्या गुरवाच्या तोंडून लिहून बघते.