केएमएस ॲक्टिव्हेटर आणि तीनशे रुपयांची की

असेंबल केलेल्या पीसीत दुकानदार विंडोज 'टाकून' देतो. ते विंडोज अस्सल आहे का, हे पीसीलाच विचारा. कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडून 'एसएलएमजीआर', मग एक स्पेस आणि 'स्लॅश एक्सपीआर' अशी कमांड इंग्रजीत टाइप करा. 'पर्मनंटली ॲक्टिव्हेटेड' आलं तर निदान केएमएस ॲक्टिव्हेटरची, म्हणजे विंडोज विकत न घेता चालू करणाऱ्या क्रॅकची, भानगड नाही. 'व्हॉल्यूम ॲक्टिव्हेशन' अमुक तारखेला संपेल असं आलं आणि पीसी कुठल्या ऑफिसचा नसून घरचा असेल, तर आत बहुधा ॲक्टिव्हेटर बसलाय.

केएमएस ही मुळात मोठ्या कंपन्यांची सोय. किमान २५ पीसी असतील तर कंपनीचा स्वतःचा सर्व्हर त्यांचं विंडोज ॲक्टिव्हेट करतो आणि प्रत्येक पीसीला १८० दिवसांच्या आत त्याच्याकडे पुन्हा हजेरी लावावी लागते. ॲक्टिव्हेटर असाच खोटा सर्व्हर उभा करतो, बऱ्याचदा तुमच्याच पीसीवर, आणि टास्क शेड्युलरमध्ये काम लावून मुदत वाढवत राहतो. म्हणजे कोणी लिहिला ते ठाऊक नसलेला प्रोग्राम ॲडमिनचे सगळे हक्क घेऊन कायमचा मुक्कामाला.

त्याच्यासोबतच्या सूचना वाचा: आधी अँटिव्हायरस बंद करा, झिपचा पासवर्ड १२३४. पासवर्ड असला की स्कॅनरला झिपच्या आतलं दिसत नाही. डिफेंडर हा विंडोजचा स्वतःचा अँटिव्हायरस 'हॅकटूल' म्हणून ओरडला तर 'क्रॅकला असं येतंच' हे उत्तर तयार असतं. माझ्या मते खरी मेख इथेच आहे. साधा ॲक्टिव्हेटर असो वा आत व्हायरस भरलेला, इशारा दोघांनाही येतो, आणि तुम्ही तो न बघायला आधीच शिकलेले असता. २०२१ च्या डिसेंबरमध्ये रेड कॅनरी या सुरक्षा कंपनीने केएमएसपिको या ॲक्टिव्हेटरच्या नावाने फिरणाऱ्या इन्स्टॉलरमध्ये क्रिप्टबॉट हा पासवर्डचोर व्हायरस सापडल्याचं सांगितलं. विंडोज ॲक्टिव्हेट होतं, म्हणून शंका येत नाही. मागच्या मागे ब्राउझरमधले पासवर्ड गेलेले असतात. असे चोर कुकीजही नेतात. लॉगिन चालू असलेली कुकी हातात आली की ओटीपी विचारलाच जात नाही.

क्रॅकमधून पसरणारं स्टॉप-डीजेव्हीयू रॅन्समवेअर, म्हणजे फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा व्हायरस, आणखी वाईट. प्रत्येक फोल्डरमध्ये 'रीडमी' नावाची चिठ्ठी ठेवून साधारण हजार डॉलर मागतं, ७२ तासांत दिले तर निम्मे. त्या चिठ्ठीतल्या पर्सनल आयडीच्या शेवटी 'टी१' असेल तर ऑफलाइन की (अनेकांच्या फाइलींना लावलेली एकच किल्ली) वापरलीय, फाइली कधीतरी सुटण्याची आशा आहे. नसेल तर बॅकअप हाच आधार.

तीनशे-चारशे रुपयांना विकली जाणारी नुसती की एवढी घातक नाही, २५ अक्षरंच ती. पण ती बऱ्याचदा एखाद्या कंपनीची एमएके की असते, म्हणजे ठरावीक संख्येइतक्या पीसींना चालणारी एकच की. तिच्या ॲक्टिव्हेशनचा कोटा संपला किंवा मायक्रोसॉफ्टने ती ब्लॉक केली की पैसे बुडाले. सुरुवातीच्या कमांडमध्ये 'एक्सपीआर'च्या जागी 'डीएलआय' टाइप केलं की ती रिटेल (सुटी विकलेली), ओईएम (पीसीसोबत आलेली) की व्हॉल्यूम (कंपन्यांना दिलेली) ते दिसतं. घरच्या पीसीवर 'व्हॉल्यूम' दिसलं तर ती की तुमची नाही.

कायद्याचं थोडक्यात: कॉपीराइट कायदा १९५७, कलम ६३ब. चोरीचं सॉफ्टवेअर जाणूनबुजून वापरल्यास ७ दिवस ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर कोर्ट कैद माफ करू शकतं. डीटीपीवाल्यांना ही सवलत धरता येणार नाही.

ॲक्टिव्हेटर चालवून झाला असेल तर तो नुसता अनइन्स्टॉल करून भागत नाही. डिफेंडरच्या 'एक्सक्लूजन्स'मध्ये त्याने घातलेली सूट तशीच राहू शकते. आधी दुसऱ्या स्वच्छ मोबाइलवरून मेल आणि बँकेचे पासवर्ड बदला, सगळ्या डिव्हाइसवरून लॉगआउट करा. मग ८ जीबीचा पेनड्राइव्ह घेऊन मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून मीडिया क्रिएशन टूलने इन्स्टॉलर बनवा, तोही दुसऱ्या पीसीवर, आणि त्यावरून आपल्या पीसीवर विंडोज नव्याने टाका. पैसे नसतील तर की न टाकताच विंडोज चालवा: कोपऱ्यात वॉटरमार्क दिसेल, वॉलपेपर सेटिंगमधून बदलता येणार नाही, पण अपडेट येत राहतील.